फुटबॉलखाली गेलेलं उत्तर

दोहा शहरात त्या काळी इटालियन बाईच्या मनातलं ओळखणारा एकच मराठी माणूस होता, आणि त्याला इटालियन येत नव्हतं. हा माणूस म्हणजे आमचे मामू. कुणाचे मामू, हे विचारू नये. ज्यांच्या आईला भाऊच नव्हता त्यांचेही ते मामू होते. आमच्या कंपनीचा पॅलेस्टिनी मॅनेजर मामूंपेक्षा वयाने चांगला मोठा, पण तोसुद्धा ऑफिसच्या दारातून 'या मामू!' अशी हाक मारायचा; अरबीत 'या' म्हणजे 'अहो'. मामू मूळचे श्रीवर्धनचे, कामाने एसी मेकॅनिक. अंगकाठी इतकी किडकिडीत, की खिडकीच्या एसीच्या भोकातून माणूस आत सोडायची वेळ आलीच तर मामूंनाच सोडावं लागलं असतं. खांद्याला हत्यारांची पिशवी, चष्म्याची एक काडी तांब्याच्या तारेने बांधलेली, आणि चेहऱ्यावर कायम असा भाव, की कुणीतरी आत्ताच एक गोष्ट अर्धी सांगून उठून गेलंय.

मामूंना प्रत्येक गोष्टीच्या आत काय आहे ते बघायची भयंकर खोड. माझं गजराचं घड्याळ त्यांनी काहीही बिघडलेलं नसताना उघडलं आणि तितक्याच प्रेमाने पुन्हा बसवलं. त्यानंतर ते गजर न होता चालायला लागलं, ते आम्हा सगळ्यांना जास्त आवडलं. सूक वाकिफच्या जुन्या बाजारात मसाले घ्यायला गेले की त्यांच्यासोबत जाणारा माणूस दुपारचं जेवण चुकवायच्या तयारीनेच निघायचा. तिथे वाळवलेली काळी लिंबं मिळतात. ती वरून काळी का आणि आतून आणखी काळी का, हे मामूंनी एका इराणी दुकानदाराला विचारलं, आणि खात्री करून घ्यायला एकामागून एक लिंबं फोडत गेले. शेवटी दुकानदाराने फोडलेली सगळी लिंबं पुडीत बांधून त्यांच्या हातात दिली आणि 'खलास, मामू, खलास' म्हणून हात जोडले. पण घड्याळं, लिंबं हे सगळं किरकोळ. मामूंचं खरं कुतूहल एकाच गोष्टीचं होतं: एका माणसाचं मन दुसऱ्या माणसावर बसतं म्हणजे नेमकं काय होतं? दवाखान्यातल्या मल्याळी नर्सने तोंडात थर्मामीटर घातलं असताना ते काढून त्यांनी तिला तिच्या नवऱ्याबद्दल विचारलं होतं, "सिस्टर, तुमने उसको पसंत किया, या घरवालोंने?" नर्सने थर्मामीटर पुन्हा तोंडात घातलं आणि ताप आहे असं लिहून टाकलं.

या कुतूहलाला इटलीचं वळण लागलं ते दोह्याच्या दुहैल भागातल्या एका कंपाउंडमध्ये. तिथे एक इटालियन इंजिनिअर राहत होता आणि त्याची विधवा आई त्याच्याजवळ येऊन राहिली होती. सगळे तिला सिन्योरा म्हणत. मुलगा दिवसभर साइटवर. बाहेर पन्नासच्या घरातलं ऊन. बाईला ना अरबी येत होतं ना धड इंग्रजी. तिला आधार एकच होता. इटलीतली तिची बहीण तिथल्या टीव्हीवरची एक लांबलचक मालिका व्हिडिओ कॅसेटवर उतरवून ठेवायची आणि मुलाच्या कंपनीतला जो कुणी सुटीवरून परत यायचा त्याच्याबरोबर पाठवायची. एका दुपारी मामू तिच्या हॉलमधला एसी बघायला गेले. स्टुलावर चढले, जाळी काढली आणि सहज मागे वळून बघितलं. टीव्हीवर एक लांब मानेची मुलगी उभी होती, तिच्या एका बाजूला एक पुरुष, दुसऱ्या बाजूला दुसरा. मामूंचा स्क्रूड्रायव्हर हवेतच राहिला. "ये कौन है?" त्यांनी हिंदीत विचारलं. सिन्योराने इटालियनमध्ये भरभरून उत्तर दिलं. आपलं बोलणं समोरच्याला पूर्ण कळलं असं दोघांनाही वाटलं. अशा समजुतीवर मोठमोठे संसार चालतात, इथे तर फक्त एक मालिका चालवायची होती.

त्या दिवसापासून सिन्योराचा एसी दर आठवड्याला बिघडायला लागला. कंपनीत तक्रारी घ्यायला फोनवर मी बसायचो. गुरुवारी दुपारी, अर्ध्या दिवसाची सुटी व्हायच्या जरा आधी, फोन यायचाच: "एसी नो गुड. सेंड मामू." मे महिन्यात यात कुणाला वावगं वाटलं नाही. पण जानेवारीत दोह्यात आम्ही स्वेटर घालून फिरत होतो, तेव्हाही एसी 'नो गुड' होता. मॅनेजरने मामूंना बोलावून विचारलं, हे मशीन आहे की दमेकरी? मामू गंभीरपणे म्हणाले, "सर, ओल्ड मशीन. एव्हरी वीक चेकिंग. इन्शाल्ला समर प्रॉब्लेम नो." आणि खरंच, उभ्या कतारमध्ये त्या बाईच्या एसीसारखा गार एसी दुसरा नव्हता.

मामूंचं इटालियन हा वेगळाच विषय होता. त्यांचं म्हणणं, इटालियन आणि आमची कोकणी या सख्ख्या बहिणी. "बग कारकुना," ते मला म्हणायचे. मला ते कारकूनच म्हणत. "आपण म्हणतो बस, ते म्हणतात बस्ता. आपण म्हणतो तू, ते पण म्हणतात तू. मंग ऱ्हायलं काय?" सिन्योराबद्दल त्यांना फार आदर होता, कारण ती दर दोन वाक्यांनी 'अल्लोरा' म्हणायची. त्याचा अर्थ इटालियनमध्ये 'तर मग' असा काहीतरी होतो. मामूंनी तो शब्द 'अल्ला रे' असा ऐकला होता. "नसरानी बाई हाय, किरिस्ताव, पण बोलताना अल्लाचं नाव सोडत नाय," असं ते सगळ्यांना सांगायचे. तिच्या मुलाने एकदा खरा अर्थ सांगायचा प्रयत्न केला, तेव्हा मामू त्याला म्हणाले, "तुला आपली भाषा विसरायला झालीय, बेटा."

मग शुक्रवार उजाडायचा. विमानतळाच्या रस्त्याकडे एका जुन्या घरात आम्ही बायकामुलं गावी ठेवून आलेले लोक राहत होतो. मी कराडचा. माझ्या शेजारच्या खाटेवर माण तालुक्यातला तात्या, कंपनीचा ड्रायव्हर. इतरही होते. मामू जुम्म्याची नमाज पढून येत, मटण-भात होई, आणि हात धुऊन मामू मधोमध बसत आणि आठवड्याची मालिका सांगत. लांब मानेची मुलगी, एक गावातला डॉक्टर, आणि एक कापडगिरणीच्या मालकाचा मुलगा. हा दुसरा पियानो वाजवून गायचा, म्हणून त्याचं नाव पियानोवाला. मामू सगळ्यांची कामं स्वतःच करत. मुलगी बोलायची तेव्हा मान लांब करत, डॉक्टर बोलायचा तेव्हा खोकत. डॉक्टरला खोकला होता की नाही देव जाणे. पियानोवाल्याची आई आली की आम्ही जरा मागे सरकून बसायचो, इतकी ती खाष्ट होती. यातलं किती इटलीत घडलं होतं आणि किती श्रीवर्धनमध्ये, हे आम्ही कधी विचारलं नाही.

खोलीत सरळ दोन पक्ष पडले. तात्या पियानोवाल्याच्या बाजूचा, कारण मामूंच्या वर्णनाप्रमाणे त्याच्याकडे वर टप नसलेली लाल गाडी होती. "गाडी कशी ठेवलीया बघा मानसानं," तात्या म्हणायचा, "गाडी नीट ठिवतो त्यो बाई बी नीट ठिवील." मी डॉक्टरच्या बाजूचा. या प्रश्नावरून आमचं एकदा असं वाजलं, की तात्याने मला दोन दिवस गाडीत घेतलं नाही आणि ऑफिसला मला भट्टीसारख्या तापलेल्या फुटपाथवरून चालत जावं लागलं. मामू मात्र कुणाच्याच बाजूचे नव्हते. त्यांना विचारलं तर म्हणायचे, "मला कोन जिंकतो त्याच्याशी काय करायचंय? मला बगायचंय, ती ठरवते कशी. दोगांच्या मधे उभी असते, आणि मंग एक पाऊल एका बाजूला टाकते. त्या पावलाच्या आदी तिच्या मनात काय होतं, तेवडंच मला बगायचंय."

आणि अखेर ते पाऊल पडायची वेळ आली. एका गुरुवारी मामू दुहैलला गेले ते कपडे बदलून, अत्तर लावून. आम्ही शुक्रवारचं मटण लवकर शिजवलं. जेवण झालं, मामू मधोमध बसले, पण त्यांचा चेहरा उतरलेला होता. त्यांनी सांगितलं ते असं: मुलगी घराच्या जिन्यावर उभी आहे. खाली अंगणात डॉक्टर आणि पियानोवाला दोघेही. दोघांनीही तिला मागणी घातली आहे. ती एकेक पायरी उतरते. सिन्योराने मामूंचा हात घट्ट धरला आहे. मुलगी शेवटच्या पायरीवर थांबते, तोंड उघडते आणि म्हणते, "इओ..." म्हणजे 'मी...'. आणि एकदम टीव्हीवर हिरवंगार मैदान आलं आणि बावीस जण चड्ड्या घालून धावायला लागले. सिन्योराच्या बहिणीच्या नवऱ्याने त्याच कॅसेटवर फुटबॉलचा सामना उतरवला होता. मुलीचं उत्तर फुटबॉलखाली गेलं.

"मंग गोल कुनी केला?" तात्याने विचारलं. त्याच्याकडे सगळ्यांनी असं बघितलं, की तो उठून भांडी घासायला गेला.

सिन्योराने इटलीला फोन लावला. पण बहिणीने फोनवर नवऱ्याची एवढी गाऱ्हाणी सांगितली, की मुख्य प्रश्न राहूनच गेला, आणि फोनचं बिल बघून मुलाने मालिकेसाठी फोन करायचा नाही असं आईला सांगून टाकलं. पुढची कॅसेट नाताळ उरकून कुणी परत आलं की मगच मिळणार होती. मामूंची तगमग बघवत नव्हती. ते भेटेल त्याला विचारत सुटले. इजिप्शियन अकाउंटंट म्हणाला, मुलगी आईवडिलांना विचारेल. टाइपिंग करणारी गोव्याची बाई म्हणाली, दोघांनाही नको म्हणेल आणि तेच बरं. मॅनेजर म्हणाला, "या मामू, कामाला जा."

त्याच सुमारास आम्हाला कतारच्या उत्तर टोकाला, मदिनत अश शमालला जायचं होतं. तिथल्या एका इमारतीत एसी बसवायचे होते. तात्या गाडी चालवत होता, मामू त्याच्या शेजारी, मी मागे. उत्तरेकडचा तो रस्ता म्हणजे दोन्ही बाजूंना सपाट पिवळी जमीन, नजर अडेल असं काही नाही. मामू मागे न वळताच म्हणाले, "कारकुना, तुझ्या बायकोनं तुला पसंत केलं होतं काय?"

"म्हणजे काय? बघायला गेलो होतो रीतसर."

"तू बगायला गेला होतास. ती?"

मी आठवून बघितलं. पोहे आठवले, सासऱ्यांची खुर्ची आठवली. ती मान खाली घालून बसली होती. "तिनं हो म्हटलं असणार," मी म्हणालो.

"असणार," मामू म्हणाले. "माजं पन तेच. असणार."

आणि मग त्या सरळ रस्त्यावर मामूंनी स्वतःची गोष्ट सांगितली, या वेळी कुणाचीही नक्कल न करता. मामींना दोन स्थळं होती. एक मामू, तेव्हा मुंबईत रेडिओ आणि फ्रीज दुरुस्तीचं काम शिकत होते. दुसरा मामींचा मावसभाऊ, गावातच राहणारा, सुपारीची वाडी असलेला, दिसायला राजबिंडा आणि गळा असा, की तो गायला लागला की लोक बाजाराची पिशवी खाली ठेवून ऐकायचे. सगळं गाव धरून चाललं होतं की लग्न मावसभावाशीच होणार. आणि एक दिवस अचानक मुलीच्या बापाचा निरोप मामूंच्या घरी आला. का आला, ते आजतागायत मामूंना कळलं नव्हतं.

"तो मावसभाऊ अजून हाय," मामू म्हणाले. "दोन घरं सोडून ऱ्हातो. चांगला मानूस. बायकोमुलं हायत त्याला. पावसाच्या आदी आमच्या घराची कौलं परतायला तोच चडतो. पोरीला ताप आला तं डाक्टरकडं तोच नेतो. विहिरीचा पंप बिगडला तं तोच बगतो. आणि मी हितं दुनियेचे एसी दुरुस्त करतो. कदीकदी वाटतं, तिच्या मनात काय होतं तवा? बापानं दिली म्हणून आली, का..."

तात्याने गाडीचा वेग कमी केला. "इचारा की मामू सरळ. बायकूच हाय तुमची."

"कवा इचारू? दोन वर्षांनी एकदा जातो. पैले काही दिवस पावणे येतात. मंग पोरं वळख देतात. वळख दिली की बॅग भरायची. आणि समज, तिनं सांगितलं, 'अब्बांनी सांगितलं म्हणून केलं.' मंग सुटीचे ऱ्हायलेले दिवस काय करायचं? दोगांनी कुटं बगायचं?"

तात्याने उगाचच हॉर्न वाजवला. रस्त्यावर दूरदूरपर्यंत कुणीही नव्हतं.

त्या हिवाळ्यात मामींना दोह्याला यायची परवानगी मिळाली. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. त्यासाठी मॅनेजरच्या पुढे सिन्योराचा मुलगा स्वतः येऊन बसला होता. एसी नीट चालावा म्हणून आईने पाठवलं असावं. ओळखीचं एक कुटुंब सुटीवर जाणार होतं, त्यांची खोली मिळाली. मामूंनी ती खोली तीनदा धुतली, पंखा उघडून साफ केला, एसी उघडून साफ केला, आणि उरलेला उत्साह दाराच्या कुलपावर काढला, त्यामुळे नंतर ते किल्लीशिवायही उघडायला लागलं. विमानतळावर मामी आल्या. ठेंगण्या, भरल्या अंगाच्या, फुलांच्या साडीवर ओढणी, आणि डोळे असे शांत, की त्यांच्यासमोर आपण उगाच हातवारे करतोय असं वाटावं. मामूंनी सलाम केला, सामान घेतलं आणि घाईघाईने विचारलं, "विमानात उतरताना पंख कसे बाहेर काढतात ते खिडकीतनं बगितलंस काय?" मामी म्हणाल्या, "पंख काढत नायत. तसेच असतात."

सिन्योराने बोलावणं धाडलं. शुक्रवारी दुपारी आम्ही दुहैलला गेलो. मामू, मामी, गाडी चालवायला तात्या आणि इंग्रजीसाठी मी. मामींनी गावाहून आणलेली फणसपोळी बरोबर घेतली होती. सिन्योराने बोटभर कपांत काळीकुट्ट कॉफी दिली. मामींनी एक घोट घेतला आणि चेहऱ्यावरची एक रेषही न हलवता कप खाली ठेवला. सिन्योराने फणसपोळी चावली आणि बराच वेळ चावतच राहिली. मग दोघींनी एकमेकींकडे बघितलं आणि एकदम हसल्या. त्या हसण्यानंतर माझ्या इंग्रजीची गरज संपली.

सिन्योराने ती कॅसेट लावली. मालिकेतली शेवटची काही दृश्यं मामींनी नीट, सावकाश बघितली. डॉक्टरबरोबर मुलगी ओट्याशी बसून पाव खाताना. पियानोवाल्याबरोबर बागेत. मग तो जिना, त्या पायऱ्या, "इओ...", आणि फुटबॉल. मामी खळखळून हसल्या. मामू हसले नाहीत. पुढे सरकून बसले आणि म्हणाले, "तिनं काय सांगितलं असेल, तुला काय वाटतं?"

"डाक्टरचं नाव घेतलं असेल," मामी म्हणाल्या. जशी भाजीची जुडी उचलावी तितक्या सहज.

"कशावरनं?"

"बगितलं नाय तुमी? त्या गानाऱ्यासमोर असते तवा सारका केसांना हात लावते. पदर असता तं पदर सारका केला असता. आणि डाक्टरसमोर खाते. तोंडात घास असताना बोलते. ज्याच्यासमोर बाईला भूक लागते, तिकडंच ती जाते."

तात्याने जागच्या जागी लाल गाडी सोडून दिली, हे मला त्याच्या चेहऱ्यावर दिसलं. मामूंनी चष्मा काढला, पुन्हा घातला. आणि मग आम्ही तिघे तिथे बसलो आहोत हे विसरून, का आम्ही आहोत म्हणूनच धीर करून, ते म्हणाले, "आणि तू?"

"मी काय?"

"तुज्या अब्बांनी... तुजा मावसभाऊ होता ना... मंग अब्बांनी आमच्याकडं कसा काय निरोप धाडला?"

मामींनी त्यांच्याकडे बघितलं. सोळा वर्षं संसार केलेली बाई नवऱ्याकडे पहिल्यांदाच बघावं तसं बघत होती. "अब्बांनी आपल्या मनानं धाडला, असं वाटतं तुमाला?"

मामूंनी चष्म्याच्या काडीची तार चाचपली.

"मी सांगितलं अब्बांना," मामी म्हणाल्या. "आमचा रेडिओ बिगडला होता. तुमी मुंबईवरनं सुटीला आला होता, तवा दुरुस्त करायला आलात. ओटीवर खोलून बसलात. मी दारात पेरू खात उभी होती. तुमी वर बगितलंत आणि म्हणालात, 'आत काय हाय बगायचं काय?' आणि सरकून मला जागा केलीत. माजा मावसभाऊ गायचा, मला आवडायचं. पन तो गायचा आणि आमी ऐकायचो. मला बगायचंय काय, असं मला तोपर्यंत कोनी इचारलं नव्हतं. मी तुमच्या बाजूला बसून अख्खा पेरू खाल्ला. आठवत नाय?"

मामूंनी खूप आठवलं. कपाळाला आठ्या घातल्या. "पेरू नाय आठवत," ते अखेर हळूच म्हणाले. "त्या रेडिओचा दुसरा व्हॉल्व्ह गेला होता."

"तेच," मामी म्हणाल्या. "दुसरा व्हॉल्व्ह."

सिन्योरा माझी बाही ओढत होती. काय झालं, काय झालं? मी माझ्या मोडक्या इंग्रजीत सांगितलं, की रेडिओ बिघडला होता आणि या बाईने या माणसाला निवडलं. तिला किती कळलं कोण जाणे. ती उठली, मामींचे दोन्ही गाल हातात धरले, "ब्रावा!" म्हणाली आणि डोळे पुसत आत जाऊन आमच्यासाठी पुन्हा तीच काळी कॉफी घेऊन आली. या वेळी मामींनी ती पूर्ण प्यायली.

महिना सरला आणि मामी परत गेल्या. मामू रोजच्यासारखे कामावर येत राहिले, पण काहीतरी फरक पडला होता. कुणाला काही विचारत नव्हते. शुक्रवारी मधोमध न बसता भिंतीला टेकून बसायचे. नाताळ उलटला, पुढची कॅसेट आली. सिन्योराचा फोन आला: "एसी नो गुड." मामू गेले, आणि परत येऊन मला म्हणाले, "कारकुना, आज खरंच बिगडला होता." काम करून ते निघून आले होते. सिन्योराने कॅसेट हातात धरून दाखवली, तर म्हणाले होते, "शुक्रन, सिन्योरा. बस्ता."

त्यानंतर थोड्याच दिवसांनी ते ऑफिसात माझ्या टेबलासमोर येऊन उभे राहिले आणि म्हणाले, मॅनेजरला सांग, मी जातो. कायमचा. मी चक्रावलो. घराचं वरचं बांधकाम अर्धं होतं, मुलगी लग्नाची होत होती. हे सगळं मी त्यांना बोलून दाखवलं, माणूस समजावतो तसं समजावलं. मामू शांतपणे ऐकत होते.

"श्रीवर्धनात पन लोकांचे फ्रीज बिगडतात," ते म्हणाले. मग खुर्ची ओढून बसले. "तुला सांगतो. इतकी वर्षं मला वाटत होतं, बापानं दिली म्हणून ती नांदते. मंग नवरा लांब असला काय, जवळ असला काय, तिला काय फरक पडनार? म्हणून मी पन ऱ्हायलो हितं निवांत. पन तिनं मागून घेतलाय मला, कारकुना. स्वतःच्या तोंडानं मागून घेतला, आणि मी तिला काय दिलं? दोन वर्षांनी एक महिना. मावसभावाला कौलांवर चडवला आणि मी हितं बसलो, त्याच्याबद्दल इचार करत."

फोन वाजत होता, तो मी उचलला नाही.

मामू गेले. तात्याने त्यांना विमानतळावर सोडलं आणि परत येताना वाटेत गाडी थांबवून बराच वेळ काच पुसत बसला, असं तो म्हणाला. आमचे शुक्रवार पूर्वीसारखे राहिले नाहीत. मटण तेच, माणसं तीच, पण जेवण झालं की ज्याने त्याने आपापल्या खाटेवर जाऊन भिंतीकडे तोंड करायचं. मी पुढे बरीच वर्षं तिथेच राहिलो. दर सुटीत कराडला गेलो की बायकोला एक प्रश्न विचारायचं ठरवायचो, आणि पाहुण्यांत, मुलांत, बॅगांत तो राहून जायचा.

एका सुटीत मात्र मी मुद्दाम एसटी बदलत श्रीवर्धनला गेलो. विचारत विचारत घर सापडलं. अंगणात उघडे फ्रीज, पंखे, एका टीव्हीचा सांगाडा, सगळ्यांची पोटं उघडी. दाराला कडी. शेजारच्या ओटीवर एक म्हातारबाई सुपाऱ्या सोलत होत्या. मी मामूंचं नाव घेतलं.

"बाजारात गेलीत दोगं," त्या म्हणाल्या.

"कधी येतील?"

त्यांनी सुपारी खाली ठेवली आणि माझ्याकडे बघून हसल्या. "तो एकटा गेला असता तं आता आला असता. दोगं गेलीत. दोगं गेली की उशीर होतो. ती थांबून बगते, तो थांबून इचारतो. बसा तुमी."

मी बसलो. नारळीच्या सावल्या लांब झाल्या. समुद्राकडून वारा सुटला. शेवटच्या एसटीची वेळ होईपर्यंत मी वाट बघितली, ती दोघं काही आली नाहीत. म्हातारबाईंनी मला पाणी दिलं आणि निरोप काय ठेवू म्हणून विचारलं. मी म्हटलं, काही नको. स्टँडवर जाताना बाजाराच्या तोंडाशी मी एकदा थांबलो. आत गर्दी होती. शोधलं असतं तर सापडली असती, पण मी आत गेलो नाही.